‘मांडणशिल्प’ की नुसती ‘मांडणी’?

तलावपाळी: ठाण्यात महाविद्यालयीन मुलांसाठी तानिया ब्रुगेरा या क्यूबन कलाकारावर छोटं माहिती-प्रदर्शन होतंय. फलकाचा मजकूर माझ्याकडे आहे. २००९च्या हवाना द्वैवार्षिकीत, म्हणजे तिथल्या मोठ्या कलाप्रदर्शनात, तिनं मंच आणि माइक ठेवला, ज्याला बोलायचं त्याला एक मिनिट. बोलणाऱ्याच्या खांद्यावर पांढरं कबूतर, शेजारी गणवेशातले दोघं. मिनिट संपलं की ते दोघं त्याला खाली उतरवणार. प्रेक्षकांत २०० कॅमेरे वाटलेले. मी ‘मांडणशिल्प’ (इन्स्टॉलेशन) लिहिलं, तपासणाऱ्या सरांनी खोडलं. “यात शिल्प कुठंय?” मग काय लिहू?

खारेगाव: सर बरोबर आहेत. रुखवत मांडतात, पूजा मांडतात, डाव मांडतात. मांडलेलं उचलायचं असतं, हे क्रियापदातच आलं. ‘मांडणी’ पुरे.

ऐरोलीकर: मांडणी म्हणजे डबे ठेवायची फळी. नाहीतर पुस्तकाची, मुद्द्यांची. ‘मांडणशिल्प’ समीक्षेत रुळलंय, राहू द्या. आगगाडीत आता आग नसते, नाव बदललं का?

खारेगाव: रुळलंय ते दालनात. रस्त्यावरच्या कलाकृतीच्या परवानगी-अर्जात ‘शिल्प’ आलं की पुतळा समजतात. पाया कुठं, कायमचं का, सुरू. ‘तात्पुरती मांडणी’ लिहायचं, सोबत लांबी-रुंदी-उंची, वजन आणि उचलायची तारीख. ‘प्रयोग’ तर नकोच. रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र मागतील, त्यासाठी संहिता लागते. इथं संहिता कुठली, येणारा-जाणारा बोलणार.

वाशी पूल: मुळात ब्रुगेरालाच ‘परफॉर्मन्स’ नको आहे. ती ‘आर्ते दे कोंदुक्ता’ म्हणते. कोंदुक्ता म्हणजे वर्तणूक. क्यूबात वाट चुकलेल्या मुलांच्या शाळेलाही हाच शब्द. आपल्या ‘वर्तणुकीच्या दाखल्या’त तोच धाक आहे. ‘वर्तनकला’ फार गुळगुळीत. ‘वर्तणूक-कला’ करा.

ऐरोलीकर: करमणूक, मिरवणूक यांच्या पंगतीतला शब्द संस्कृत ‘कले’ला बांधायचा?

वाशी पूल: ‘मांडण’ मराठी आणि ‘शिल्प’ संस्कृत. ते बरं चालतं तुम्हाला!

तलावपाळी: भांडा, पण फलकावरच्या ‘सिव्हिक एंगेजमेंट’चंही मराठी सांगा. ‘नागरी सहभाग’?

खारेगाव: ‘नागरी’ म्हटलं की सहकारी बँक आठवते. ‘लोकसहभाग’ श्रमदानाचा. सरळ ‘नागरिकांचा सहभाग’.

ऐरोलीकर: नागर म्हणजे सुसंस्कृत. तो अर्थ मेला तो बँकांमुळेच.

कोपरी: फलक विनाइल (चिकट प्लास्टिक) कापून लावणार ना? मग आधी अक्षरांच्या बाह्यरेषा वेल्ड करून, म्हणजे जोडून एक करून घ्या. शिरोरेषा एकमेकींवर चढतात तिथं सुरी आडवी फिरते आणि सोलताना अक्षराचे तुकडे हातात येतात. अनुस्वार ५ मिमीच्या खाली गेला की उचकटतो. ‘सादरीकरणा’त एकही अनुस्वार नाही.

खारेगाव: म्हणून ‘सादरीकरण’ लिहायचं?

तलावपाळी: अक्षराची उंची दीड इंच आहे. चालेल?

कोपरी: काठावर आहे, पण चालेल. फक्त गोल टिंबाचा फाँट घ्या. चौकोनी टिंबाचे कोपरे आधी सुटतात.