प्रतिसाद: 'गणेशन मदुवे' शिळा कसा?

वर कुणीतरी म्हटलंय की ओळखीच्या घोळावर चालणारे जुने कन्नड विनोदपट मोबाइल आल्यापासून शिळे वाटतात. मला नाही पटत. फणी रामचंद्रांचा 'गणेशन मदुवे' (१९९०, म्हणजे 'गणेशचं लग्न') घ्या. बंगळुरूतलं वठार, म्हणजे आपल्या चाळीचं सख्खं भावंडच. गणेश (अनंत नाग) आणि आदिलक्ष्मी (विनया प्रसाद) यांचं रोज वाजतं. आणि हाच गणेश 'श्रुती' नावाच्या गायिकेच्या आवाजावर भाळून तिला पत्रं पाठवतो. श्रुती म्हणजे तीच, आदिलक्ष्मी!

खरी गंमत त्या दोन नावांत आहे. आदिलक्ष्मी म्हटलं की आजीचं नाव पुढे चालवणारी मुलगी. श्रुती म्हटलं की एकदम आधुनिक. पोरगी एकच, पण गणेशला हवी फक्त दुसरी. आज खोटं प्रोफाइल काढून लोक वेगळं काय करतात?

बाकी पत्ता लपवायची कसरत थोडी ताणलीय, मान्य. पण अनंत नागचा तो निर्विकार चेहरा! माणूस मुंबईत मराठी-कोकणी नाटकं करून पुढे आलेला. वाक्य टाकून गप्प कधी बसायचं हे त्याला बरोबर कळतं. सबटायटल्स नसली तरी बघा, भांडणं तर भाषेवाचूनही कळतात.