१९५६ सालच्या गर्दीचे पांढरे कपडे कसे करावेत?

वडसावाला (प्रश्न)
नमस्कार मंडळी. मी बरीच वर्षे झाडीपट्टीच्या नाटकांची वेशभूषा सांभाळली आहे. आता नागपुरात चित्रित होणाऱ्या एका लघुपटाची वेशभूषा आणि कलादिग्दर्शन ही दोन्ही कामे, पैसा बेताचा असल्यामुळे, माझ्याच गळ्यात पडली आहेत. कथा इंदोऱ्यातील एका मिल कामगाराच्या कुटुंबाची असून शेवटचा प्रसंग १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, धम्मदीक्षेच्या दिवशी घडतो. त्या दिवशी लोक पांढरे कपडे घालून आले होते, म्हणून साठ जणांसाठी गांधीबागेतून पांढरे कापड आणले. परंतु कॅमेऱ्याच्या चाचणीत सगळे एकाच शाळेच्या गणवेशात उभे असल्यासारखे दिसले आणि चेहरे काळवंडले. रंगमंचावर असे कधी झाले नव्हते. काय चुकले असावे?

सुईदोरा
तुम्ही पांढरा रंग एकच धरलात, तिथे घोळ झाला. आजच्या पांढऱ्या कापडात उजळपणा आणणारे रसायन असते. उन्हात ते निळसर चमकते, ती चमक आवरण्यासाठी छायालेखक प्रकाश कमी घेतो आणि चेहरे अंधारात जातात. म्हणून असे कापड पातळ चहाच्या पाण्यातून काढतात. मात्र आधी खळ पूर्ण धुऊन घ्या. मी एकदा घाईत ती तशीच ठेवली, तर चाळीस सदऱ्यांवर नकाशासारखे चट्टे उमटले आणि निर्मात्याने ते पैसे माझ्या मानधनातून कापले. त्यानंतर साठ जणांचे गट पाडा : कुणाला कोरे मांजरपाट, कुणाला जाडीभरडी खादी, कुणाला धुऊन मऊ झालेले मिलचे कापड आणि दोघा-चौघांना नीळ जास्त पडलेले. ‘गांधी’साठी १९८३ मध्ये जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळवणाऱ्या कोल्हापूरच्या भानू अथैया यांची खादीची गर्दी या नजरेने पुन्हा पाहा. कॉलर आणि बाह्यांच्या कडा पॉलिश पेपरने हलक्या घासा. ओल्या खिशात गोटे घालून सदरा वाळवला की खिसा वापरल्यासारखा लोंबतो.

जुनी पाटी
दोन्ही कामे तुमच्याकडे आहेत, हे एका परीने बरेच झाले, कारण पांढऱ्या कपड्यांमागे चुन्याची पांढरी भिंत उभी करणारा दुसरा कुणी नाही. घराला मातीची भिंत द्या, नाहीतर चुन्यात नीळ कालवा. पाट्यांकडेही लक्ष असू द्या : त्या दिवशी नागपूर मध्य प्रदेशाची राजधानी होते आणि १ नोव्हेंबरला, म्हणजे जेमतेम अठरा दिवसांनी, ते द्विभाषिक मुंबई राज्यात गेले, त्यामुळे सरकारी फलकावर ‘महाराष्ट्र’ दिसता कामा नये. दुकानात भाव आण्यांत आणि वजने शेरांत हवीत; नवे पैसे १ एप्रिल १९५७ पासूनचे.

उमरेडची लेक
सुईदोरा यांचे बाकी सगळे मान्य, पण कपडे जुने करण्याच्या नादात ते मळवू नका. माझी आजी त्या दिवशी गेली होती. तिच्याकडे एकच पांढरे लुगडे होते. ते तिने आदल्या दिवशी धुतले आणि तांब्यात निखारे घालून, तो फिरवून घड्या मोडल्या. कापड विरलेले असेल, काठाजवळ रफू असेल, परंतु डाग एकही नव्हता, असे ती बजावून सांगत असे. गरीब दाखवायचे म्हणजे कळकट दाखवायचे, ही आपल्या पडद्याची जुनी खोड आहे.

वडसावाला
ताई, तांब्याचा प्रसंग दिग्दर्शकांना आजच ऐकवतो. कापड खळ काढायला भिजत घातले आहे. मुख्य अभिनेत्रीच्या लुगड्याचे मात्र तीन नग सारखेच करावे लागतील, कारण तो प्रसंग दोन दिवस चालणार आहे आणि ऑक्टोबरच्या उन्हात घामाचे डाग पडणारच. तिन्ही एकाच पातेल्यात, एकाच वेळी बुडवीन.