'टर्मगंट'ला मराठीत काय म्हणावं?

बोरूबहाद्दर

वॉशिंग्टन अर्व्हिंगच्या 'रिप व्हॅन विंकल'चं भाषांतर करतोय. गोष्ट १८१९ सालची. संक्षिप्त रूपात बऱ्याच जणांनी वाचली असेल. गोड स्वभावाचा, कामचुकार रिप बायकोच्या कटकटीला वैतागून बंदूक आणि कुत्रा घेऊन कॅट्सकिलच्या डोंगरात जातो, तिथल्या विचित्र मंडळींची दारू पितो आणि वीस वर्षं झोपतो. उठून गावात येतो तर इंग्लंडच्या राजाचं राज्य गेलेलं आणि बायको वारलेली. पहिल्या बातमीनं तो गोंधळतो, दुसरीनं त्याला हायसं वाटतं.

निवेदक या बायकोला 'टर्मगंट' म्हणतो, म्हणजे सदा भांडत-ओरडत असणारी बाई. हाताशी आलेले शब्द: कजाग, भांडकुदळ, खाष्ट, त्राटिका, कैदाशीण, जहांबाज, तोंडाळ. 'खाष्ट' म्हटलं की मला सासूच दिसते. 'भांडकुदळ' पुरुषालाही चालतो. 'त्राटिका' वजनदार आहे, पण हडसन नदीकाठच्या डच वस्तीत एकदम रामायण अवतरतं. तुम्ही काय वापराल?

खडीसाखर

कैदाशीण! डोळे झाकून. आमची आजी हा शब्द उच्चारायची तेव्हा समोरची बाई न बघताच दिसायची.

रेवा_त

आधी शब्दाचं कूळ सांगते, निवडीला उपयोगी पडेल. टर्मगंट ही मुळात बाईच नाही, तो देव आहे, आणि तोही खोटा. मुसलमान मूर्तिपूजक असून तीन देवांना भजतात अशी मध्ययुगीन ख्रिस्ती युरोपची समजूत होती. 'रोलाँचं गीत' या मध्ययुगीन फ्रेंच वीरकाव्यात त्या तिघांतला एक 'तेर्व्हागान' आहे. चौदाव्या शतकातला इंग्लिश कवी चॉसर, त्याच्या सर थोपासच्या गोष्टीतला राक्षस याच टर्मगंटची शपथ घेतो. पुढे हे नाव थयथयाट करणाऱ्या पात्राची खूण झालं. हॅम्लेट नटांना ताकीद देतो, तेव्हा टर्मगंटवरही ताण करून ओरडणाऱ्याला फटके द्यावेत असं म्हणतो. आणि 'चौथा हेन्री'च्या पहिल्या भागात फॉल्स्टाफ ज्याला 'टर्मगंट स्कॉट' म्हणतो तो डग्लस हा रणांगणावरचा योद्धा आहे. म्हणजे १५९७च्या आसपास हे विशेषण पुरुषाला बिनदिक्कत लागत होतं. अर्व्हिंगपर्यंत येताना ते बायकोच्या गळ्यात पडलं.

रंगभूमीवर या पात्राला पायघोळ झगा असे, म्हणून प्रेक्षकांना ती बाई वाटली, असं एक स्पष्टीकरण सांगतात. मला ते गमतीचं वाटतं, पुरेसं नाही. कारण झगा न घालताही कितीतरी शब्द याच वाटेनं गेले. 'श्रू' हा प्राणी म्हणजे आपली चिचुंद्री, पण मध्ययुगीन इंग्रजीत 'श्रू' म्हणजे दुष्ट, बदमाश माणूस, आणि तो बहुधा पुरुषच. त्यावरूनच निघालेला 'श्रूड' आज धूर्त व्यापाऱ्याचं कौतुक करायला वापरतात. पुरुषाच्या वाट्याला कौतुक, बाईच्या वाट्याला चिचुंद्री. 'हार्लट' चॉसरच्या वेळी टवाळ, भटक्या पुरुषाला म्हणत. 'व्हिरागो' तर लॅटिन 'व्हिर', म्हणजे पुरुष, यावरून आला: पुरुषाच्या तोडीची पराक्रमी स्त्री. आज तो शिवीसारखाच ऐकू येतो.

भाषेच्या अभ्यासक म्युरिएल शुल्झ यांनी १९७५ मध्ये नेमका यावरच लेख लिहिला. त्यांचं म्हणणं, स्त्रीला लावलेले शब्द इंग्रजीत पद्धतशीरपणे घसरत जातात. 'मास्टर' मालक राहिला, 'मिस्ट्रेस'ची रखेल झाली.

अनघा वाचते

देवाची शिवी होण्यात इंग्रजीची मक्तेदारी नाही हो. आपल्याकडे तर स्वतःच्याच देवी आहेत. सहाव्या दिवशी बाळाच्या कपाळावर नशीब लिहिते ती सटवाई, आणि 'सटवी' म्हणजे? 'कुठं उलथली ही भवानी?' हे वाक्य ज्या घरात ऐकू येतं, त्याच घरात नवरात्रात घट बसतो. 'महामाया' देवीचं नाव, पण 'ती महामाया आहे' म्हटलं की ऐकणारा सावध होतो. पुरुषांसाठी असं काही सापडतं का बघा. 'मारुती' चेष्टेत येतो, 'नंदीबैल' येतो, पण त्यात भीती किंवा तिरस्कार नाही, नुसती थट्टा.

बोरूबहाद्दर

@रेवा_त, @अनघा, वा! मग टर्मगंटला 'भवानी' केलं तर? देव ते शिवी हा प्रवास मराठीत आपोआप आला.

रेवा_त

आला, पण चुकीचा. भवानी आपली, श्रद्धेची. टर्मगंट परक्याचा, आणि त्यांनाही ठाऊक नसलेला. शिवाय 'भवानी'त माया मिसळलेली असते, आई मुलीलाही म्हणते. अर्व्हिंगच्या निवेदकाच्या मनात तिच्याबद्दल मायेचा थेंब नाही.

जोशीबुवा दापोली

इतका कीस कशाला? विनोदी गोष्ट आहे, बायकोला भिणारा नवरा हा जगभर चालणारा विषय. 'कजाग बायको' लिहा आणि पुढे चला. स्त्रीवादाचा चष्मा लावला की हसूच येत नाही.

निशिगंध

जोशीकाका, हसू येतं ना, तिथंच तर सगळी मेख आहे. स्त्रीवादी समीक्षक जुडिथ फेटर्ली यांच्या १९७८च्या 'द रेझिस्टिंग रीडर'मध्ये याच गोष्टीवर प्रकरण आहे. त्यांचा मुद्दा गोष्ट विनोदी नाही असा नाहीच. हसायचं असेल तर वाचकाला रिपच्या बाजूला उभं राहावं लागतं. पुरुष वाचकाला त्यात कष्ट नाहीत. बाई वाचक मात्र स्वतःच्याच विरुद्ध बाजूला जाऊन हसते, आणि ती तिकडं गेलीय हे तिला कळतही नाही.

गोष्टीतलं घर बघा. वडिलोपार्जित जमीन रिपच्या हातून निसटत जाऊन मका-बटाट्याचा एक तुकडा उरलाय, तोही गावातला सगळ्यात वाईट. मुलं फाटक्या कपड्यांत. हा मात्र गावातल्या बाकीच्या बायकांची बारीकसारीक कामं आनंदानं करतो, पोरांना भुतांच्या गोष्टी सांगतो. गावातल्या बायकाही त्याचीच कड घेतात आणि दोष त्याच्या बायकोला देतात. आता हेच घर तिच्या चुलीजवळ उभं राहून बघा, कजाग कोण होणार नाही? पण गोष्ट तिला एकही वाक्य स्वतःच्या तोंडानं बोलू देत नाही. तिची बडबड आपल्याला निवेदकाच्या तोंडूनच कळते. शेवटी एका फिरत्या विक्रेत्यावर संतापताना शीर फुटून ती मेली, हेही सांगोवांगीच.

अमेरिकन समीक्षक लेस्ली फीडलर यांनी १९६० मध्येच म्हटलं होतं की रिपपासून अमेरिकन कादंबरीचा नायक पळत सुटलाय: जंगलात, समुद्रावर, नदीत, कुठंही, फक्त घर-संसार नको. फीडलरना त्यात अमेरिकन पुरुषाचं अपुरेपण दिसलं. समीक्षक नीना बेम यांनी १९८१च्या लेखात पुढचा प्रश्न विचारला: पळणाऱ्या पुरुषाची गोष्ट हीच 'खरी अमेरिकन गोष्ट' असं ठरवलं कुणी? समीक्षकांनी. त्या मापात बाईनं लिहिलेली कादंबरी बसणारच नाही, कारण ज्याच्यापासून पळायचं ती गोष्ट म्हणजेच बाई. कादंबरीकार हॉथॉर्ननं १८५५ मध्ये प्रकाशकाला लिहिलेल्या पत्रात लिहिणाऱ्या बायकांच्या झुंडीला शिव्या घातल्या, त्याही याच घराण्यातल्या. त्या बायकांची पुस्तकं त्याच्यापेक्षा जास्त खपत होती.

जोशीबुवा दापोली

बरं, मान्य की बाईची बाजू गोष्टीत नाही. पण मग भाषांतरकारानं ती घालायची का? सौम्य शब्द वापरून अर्व्हिंगला सुधारायचं?

निशिगंध

मुळीच नाही. इथं मी तुमच्याच बाजूची. 'कडक स्वभावाची' वगैरे लिहिलं तर निवेदक सज्जन ठरेल आणि गोष्टीचा डाव लपेल. शिवी पूर्ण ताकदीची हवी, आणि ती निवेदकाच्या तोंडची वाटली पाहिजे.

वकीलबाई

कायद्यातला धागा जोडते. इंग्लिश कॉमन लॉमध्ये 'कॉमन स्कोल्ड' नावाचा गुन्हा होता: शेजारपाजारी सतत भांडून शांतता बिघडवणारी बाई. अठराव्या शतकातला इंग्लिश कायदेपंडित ब्लॅकस्टोन स्पष्ट सांगतो की कायद्याच्या लॅटिनमध्ये हा शब्द स्त्रीलिंगीच आहे. पुरुष कितीही भांडला तरी या कलमाखाली येत नाही. शिक्षा म्हणजे खुर्चीला बांधून पाण्यात बुडवणं. हे अर्व्हिंगच्या काळी इतिहासजमा झालं होतं असं समजू नका. १८२९ मध्ये वॉशिंग्टनमध्ये ॲन रॉयल या पत्रकार बाईंवर याच आरोपाखाली खटला चालला आणि त्या दोषी ठरल्या. बुडवण्याची शिक्षा कालबाह्य ठरवून १० डॉलर दंडावर भागवलं. इंग्लंडमध्ये हा गुन्हा रद्द व्हायला १९६७ साल उजाडलं. तेव्हा 'टर्मगंट' हे नुसतं विशेषण नव्हतं, त्याच्या शेजारच्या शब्दाला कलम होतं.

अनघा वाचते

बापरे. आणि 'त्राटिके'बद्दल कुणीच बोललं नाही! शेक्सपिअरचं 'टेमिंग ऑफ द श्रू' वासुदेव बाळकृष्ण केळकरांनी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी मराठीत आणलं ते 'त्राटिका' याच नावानं. शाहूनगरवासी ही नाटक कंपनी ते करायची, आणि त्राटिकेची भूमिका अर्थात पुरुषच करायचा. शेक्सपिअरच्या वेळीही केटची, म्हणजे मूळ नायिकेची, भूमिका मुलगाच करायचा. पुरुषांनी लिहिलेली, पुरुषांनी उभी केलेली, पुरुषानं माणसाळवलेली बाई!

मला 'त्राटिका' एका कारणानं खटकतो. 'श्रू'ला निदान माणसाळवता येतं. त्राटिका राक्षसीण आहे, रामाच्या बाणानं मरायलाच जन्मलेली.

बोरूबहाद्दर

पण अनघाताई, अर्व्हिंग तिला मारतोच की! रिपच्या सुखाचा रस्ता तिच्या मरणावरून जातो. त्या अर्थी 'त्राटिका' बरोबर बसतो.

अनघा वाचते

हं. हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. तरी माझं मत विरुद्धच. तुमचा शब्द पहिल्या पानावर येणार. तिथंच त्राटिका म्हटलंत तर वाचकाला शेवट कळला.

रेवा_त

मी 'कजाग'च्या बाजूनं. रोजच्या वापरातला, पारावर बसलेल्या चार पुरुषांच्या तोंडी शोभणारा. रिप गावातल्या खानावळीबाहेरच्या बाकावर ज्या मंडळींत बसतो, त्यांच्या गप्पांतला शब्द वाटतो. आणि ज्या वाक्यात निवेदक म्हणतो की जिभेचं हत्यार वापरून बोथट होत नाही, उलट धार चढते, तिथं 'तोंडाचा पट्टा' आहेच. दांडपट्ट्यातला पट्टा, अर्व्हिंगच्या धारदार हत्याराला याहून जवळचं काही मिळणार नाही.

बोरूबहाद्दर

झकास, पट्टा घेतला. आता नवऱ्याची बाजू. 'हेनपेक्ड'साठी 'ताटाखालचं मांजर' घेतोय. आणि 'पेटीकोट गव्हर्न्मेंट'? अर्व्हिंगचा सगळा विनोद त्यावर आहे: राजा गेला, लोकशाही आली, याचं रिपला काही नाही, त्याच्या लेखी एकच जुलमी राजवट होती आणि ती संपली. 'बायकी राज्य' पुळचट वाटतं.

खडीसाखर

बायकोशाही! निजामशाही, आदिलशाही, बायकोशाही.

निशिगंध

खडीसाखर, हे अप्रतिम. पुढच्याच परिच्छेदात 'लोकशाही' आला की आपोआप यमक जुळतं.

जाता जाता माझीही एक अडचण. फेटर्लींचा एक घडवलेला शब्द आहे, 'इमॅस्क्युलेशन', पण सुरुवातीला 'ई'च्या जागी 'इम' असलेला. नेहमीच्या 'ई-मॅस्क्युलेशन'मध्ये पुरुषाचं पुरुषत्व काढून घेतात, यांच्या शब्दात बाईच्या डोक्यात पुरुषाची नजर भरतात. अमेरिकन साहित्यात बायका पुरुषांना नामर्द करतात अशी ओरड, प्रत्यक्षात घडतं ते हे दुसरं, असा त्यांचा टोला. उच्चारात जेमतेम फरक, म्हणून मराठीत फार अवघड.

वकीलबाई

पहिल्याला 'खच्चीकरण' आहेच. मग दुसऱ्याला 'पुरुषीकरण'?

निशिगंध

'करण' दोन्हीकडे आल्यानं जोडी दिसते, हे खरं. पण 'मानसिक खच्चीकरण' आपण हल्ली सरसकट वापरतो, क्रिकेट संघाचं, कर्मचाऱ्यांचं, बाईचंसुद्धा. बैलाची आठवण कुणालाच होत नाही. तेव्हा टोला बोथट होतो. मी सध्या 'पुरुषीकरण' ठेवून आधी एका वाक्यात 'नामर्द करणं' आणतेय. 'पौरुषीकरण' कुणी सुचवेल, त्यांना आधीच सांगते: पौरुषात पराक्रम आहे, फेटर्लींना तो अभिप्रेत नाही.

जोशीबुवा दापोली

'पुरुषीकरण' वाचून मला शस्त्रक्रिया आठवली. तरी ठीक. लेखकमहाशय स्वतः आजन्म अविवाहित होते हे कुणी सांगितलं नाही अजून. कटकटीचा अनुभव उसनाच म्हणायचा.

बोरूबहाद्दर

शेवटची शंका. मूळ गोष्टीत बाईला स्वतःचं नावच नाही, नुसती 'डेम व्हॅन विंकल'. पुढे जोसेफ जेफरसननं जे नाटक गाजवलं (१८६५, बूसिकॉल्टचं रूपांतर), त्यात तिला 'ग्रेचेन' नाव मिळालं आणि ती शेवटी जिवंतही सापडते. पण ते नाटकातलं, मला वापरता येत नाही. 'विंकलबाई' लिहिलं तर शाळेतल्या बाई वाटतात. पाटलीण, कुलकर्णीण या चालीवर 'विंकलीण' करावं का?

खडीसाखर

विंकलीण! +१.

रेवा_त

-१. पाटलिणीला गावात मान असतो. हिला गोष्टीत तो कुठं आहे? 'रिपची बायको' एवढंच लिहा, निवेदक तिला तेवढंच समजतो.