मदत हवी आहे: 'ज्याचं त्याचं सत्य' मानणाऱ्या पंथात तंटे कसे मिटतील?

काल्पनिक जगातली कादंबरी लिहितोय. त्यातला एक पंथ मानतो की दिसतं तेच सत्य, तेही ज्याचं त्याचं. दोरी कुणाला साप दिसली तर त्याच्यापुरता तो सापच. 'भ्रम' हा शब्दच त्यांच्या भाषेत नाही.

जैनांचा स्याद्वाद (कुठलंही विधान एका दृष्टीनेच खरं, हे मत) वाचला, पण त्यातल्या सप्तभंगीतली ('आहे', 'नाही' वगैरे सात प्रकारची) सातही विधानं एकाच वस्तूबद्दल असतात. इथे सामायिक वस्तूच नाही! बौद्ध तत्त्वज्ञ वसुबंधूंच्या विज्ञानवादात (जे आहे ते फक्त जाणिवेत, हे मत) बाहेरची वस्तू भ्रम ठरते, म्हणजे तोही उपयोगाचा नाही.

गाडी अडलीय बाजारात. विकणारीला दाण्यांचं शेराचं माप काठोकाठ दिसतं, गिऱ्हाइकाला पाऊणच. पंचांनी कुणाचं धरावं? बहुमत नको, देवाचा कौल नको (दोन्ही लिहून फाडले). कुणालाच खोटं न ठरवता दाण्यांचे पैसे कसे ठरवतील?