रीमाताईंना हिंदीने ‘आई’ करून वाया घालवलं का?

तिसरी_घंटा
काल टीव्हीवर ‘मैंने प्यार किया’ लागला होता, माझी भाची म्हणाली ही सलमानची आई किती गोड आहे, आणि मला एकदम राग आला, तिच्यावर नाही, पण रीमा लागू म्हटलं की आपल्या लोकांना एवढंच आठवतं याचा. १९५८ चा जन्म त्यांचा आणि पिक्चर १९८९ चा, म्हणजे ३१ वर्षांची बाई आणि सलमान त्यांच्यापेक्षा फक्त सात वर्षांनी लहान. ‘वास्तव’मध्ये तर संजय दत्त जेमतेम एका वर्षाने लहान आणि त्याचीही आई ह्याच!

पण माझा मुद्दा नुसत्या वयाचा नाहीये. जयवंत दळवींचं ‘पुरुष’ आठवा. त्यात अंबिका रीमाताई आणि गुलाबराव नाना पाटेकर. नाटक दोघांच्या टकरीवर उभं, ती कमी पडली असती तर तोही पडला असता. नाना त्यांच्यापेक्षा सात वर्षांनी मोठा. आता १९८९ साल बघा, नानाचा ‘परिंदा’ आला आणि पुढे ‘प्रहार’, ‘क्रांतिवीर’, पिक्चर त्याच्या नावावर चालायला लागले. त्याच वर्षी रीमाताई सलमानची आई झाल्या आणि हिंदीने त्यांना त्यातून बाहेर येऊच दिलं नाही. एकाच रंगमंचावरून निघालेली दोन माणसं, त्यातला पुरुष नायक होतो आणि बाई नायकाची आई होते. मला हे अन्यायाचंच वाटतं, कोणाला पटो न पटो.

आईची_लेक
अजिबात नाही पटलं. ‘वाया’ हा शब्द तर मागे घ्याच. हिंदीतली आई त्यांच्या आधी कशी होती बघा की, पांढरी साडी, खोकला, देवासमोर रडणं. निरुपा रॉय आणि आपल्या सुलोचनादीदी मोठ्याच बायका, पण त्यांना लिहून मिळायचं तेच. रीमा लागूंनी पहिल्यांदा अशी आई दाखवली जिच्याशी पोरगं मनातलं बोलू शकतं, जी हसते, जिच्या अंगावर धड रंगीत साडी असते. आमच्या पिढीला आपली आई अशी असावी असं वाटायचं आणि ते एका बाईने चार-दोन सीनमध्ये करून दाखवलं. हे काम छोटं आहे असं मानणं हाच मला आईच्या भूमिकेचा अपमान वाटतो.

पिटातला_प्रेक्षक
मी रीमाताईंचं ‘सविता दामोदर परांजपे’ नाटक दादरला शिवाजी मंदिरला पाहिलंय त्यामुळे मला बोलायचा हक्क आहे असं समजतो. साध्या घरातली बायको आणि तिच्या अंगात आलेली दुसरी बाई, दोन्ही एकाच देहातून, समोर, तिथल्या तिथे. कॅमेरा नाही, कट नाही, जे करायचं ते आवाज आणि नजरेवर. इंटरव्हलला माझ्या शेजारच्या काकू चहाला उठल्याच नाहीत, हातातली पर्स घट्ट धरून बसून राहिल्या. त्या बाईंना मग मी ‘हम आपके हैं कौन’मध्ये मुलींचं लग्न लावून देताना बघितलं, आणि खरं सांगतो छान केलंय त्यांनी पण मला सारखं वाटत राहिलं की यांना अजून काहीतरी द्या रे कोणीतरी.

त्यामुळे मी धागाकर्तीच्या बाजूने.

बॅकस्टेज
माझं मत वेगळंय. सगळे हिंदीला शिव्या घालताय, पण नाटकाने त्यांना काय दिलं? मी स्वतः काही वर्षं नाटकाच्या बसमधून फिरलोय, दौरा काय असतो मला माहितीये, रात्री प्रयोग संपला की सेट काढायचा, रात्रभर प्रवास आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावात पुन्हा तोंडाला रंग. नाइट, म्हणजे एका प्रयोगाचे पैसे, मिळते ती प्रयोग झाला तर, नाही झाला तर काही नाही. रीमाताईंची आई मंदाकिनी भडभडे स्वतः रंगभूमीवरच्या, त्यामुळे हे आयुष्य त्यांनी लहानपणापासून घरात पाहिलेलं, आणि तरीही सुरुवातीला त्या बँकेत नोकरी करत होत्या, कशासाठी ते सांगायला नको. हिंदीने घर चालवायची सोय केली म्हणून त्या नाटक करू शकल्या असंही असेल ना? व्यवहार पण बघा जरा.

आणि टीव्ही विसरलात का सगळे? ‘श्रीमान श्रीमती’मधली कोकिला ही कोणाचीही आई म्हणून लक्षात राहिलेली नाही, ‘तू तू मैं मैं’मध्ये तर सुप्रियासोबत अर्धी मालिका त्यांच्या खांद्यावर. विनोदाचं टायमिंग बघायचं असेल तर तिथे बघा. सासू असूनही राग येत नाही त्यांचा, हे सोपं नसतं.

तिसरी_घंटा
@बॅकस्टेज पैशाचं मान्य, पूर्ण मान्य, त्यांनी हे रोल का घेतले असा माझा प्रश्नच नाहीये. देणाऱ्यांना दुसरं काही सुचलं का नाही हा प्रश्न आहे. आणि कोकिलाचं उदाहरण तर माझ्याच बाजूने जातं! छोट्या पडद्याने ओळखलं की ही बाई मालिका ओढून नेऊ शकते, मोठ्या पडद्याला मात्र शेवटपर्यंत कळलं नाही.

@आईची_लेक तुमचं वाचून मी थोडी थांबले. रंगीत साडीचं खरंय. ‘वाया’ शब्द मागे घेते. ‘कमी वापरलं’ म्हणते.

आईची_लेक
थँक्यू. मग अजून एक सांगते. ‘वास्तव’चा शेवट. पोराने विनवल्यावर स्वतःच्या हाताने त्याला गोळी घालणारी आई. तो सीन नाटक केलेल्या बाईशिवाय दुसऱ्या कोणाला झेपला नसता असं मला वाटतं, म्हणजे ‘पुरुष’मधली अंबिका कुठे गेली नव्हती, तीच होती ती, फक्त तिला दोन तासात दहा मिनिटं मिळाली.

पिटातला_प्रेक्षक
दहा मिनिटं मिळाली, हेच तर म्हणतोय ना आम्ही!!

सहाय्यक अभिनेत्रीसाठी फिल्मफेअरची चार नामांकनं, ‘मैंने प्यार किया’, ‘आशिकी’, ‘हम आपके हैं कौन’ आणि ‘वास्तव’, चारही वेळा आई, आणि एकदाही ती फिल्मफेअरची बाहुली, म्हणजे ट्रॉफी, हातात नाही.

बॅकस्टेज
बक्षिसाचं सोडा. मला जास्त लागतं ते वेगळंच. १८ मे २०१७ ला त्या गेल्या, ५८ हे काय वय आहे, ‘नामकरण’ मालिकेचं काम चालूच होतं. पिक्चर आहेत, मालिका सापडतात, पण त्या भरातल्या प्रयोगांचं आज तुमच्या भाचीला काय दाखवणार? मी विंगेतून किती नट-नट्यांची कामं पाहिलीत, ती आता माझ्या डोक्यातच आहेत फक्त. @पिटातला_प्रेक्षक, तुम्ही ‘सविता’बद्दल अजून लिहा, सुट्टं सुट्टं आठवत असलं तरी लिहा, कुठे उभ्या राहायच्या, आवाज कुठे बदलायचा, सगळं.

पिटातला_प्रेक्षक
लिहितो. आज रात्री बसतो. त्या काकूंच्या पर्सपासूनच सुरू करतो.