डोंगरावरील झाडांच्या मृत्यूचे मूळ कारण कसे ओळखावे? मदत हवी आहे

नमस्कार. डोंगराळ भागातील सूचिपर्णी जंगले उभ्या उभ्या वाळत आहेत, त्याविषयी मी गेले काही महिने वाचत आहे. वाळलेल्या झाडाची साल सोलल्यावर आत भुंगेऱ्यांनी कोरलेले बोगदे दिसले, तर ते झाड भुंगेऱ्यांनीच मारले असे म्हणावे का, हा प्रश्न मला सुटत नाही.

धडधाकट पाइन किंवा स्प्रूससारखे सूचिपर्णी झाड खोडात शिरू पाहणाऱ्या भुंगेऱ्याला राळेत बुडवून बाहेर लोटते. पाण्याचा ताण पडला की झाड पर्णरंध्रे मिटून घेते, त्यामुळे अन्न कमी तयार होते आणि राळही आटते. मग भुंगेरे सालीखालच्या अन्नवाहिन्या पोखरतात आणि त्यांच्यासोबत आलेली निळी बुरशी जलवाहिन्या बंद पाडते. कॅलिफोर्नियात २०१२ ते २०१६ या काळातील अवर्षणात दहा कोटींहून अधिक झाडे गेली, ती मुख्यतः सिएरा नेवाडाच्या उतारांवर, आणि तिथे हीच साखळी दिसते. जर्मनीच्या हार्त्स पर्वतात २०१८ पासूनच्या कोरड्या उन्हाळ्यांनंतर स्प्रूसची तीच गत झाली, पण तिथे एकाच जातीची दाट लागवड होती, हेही मला तितकेच महत्त्वाचे वाटते. कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांताचे चित्र थोडे निराळे आहे. पूर्वी उणे ४० अंशांच्या आसपासची थंडी सालीखालच्या अळ्या मारत असे. हिवाळे सौम्य झाल्यावर त्या तगल्या आणि सुमारे १.८ कोटी हेक्टर जंगलाला झळ पोहोचली. अमेरिकेच्या ईशान्येकडील उंच डोंगरांवरच्या लाल स्प्रूसला तर आम्लपर्जन्याने दुबळे केले : कॅल्शियम धुपून गेल्याने सुयांना (सुईसारख्या पानांना) कडाक्याची थंडी सोसवेना.

म्हणून जाणकारांना विचारतो. मेलेल्या झाडाच्या शेवटच्या दहा-वीस वर्षांच्या वाढवलयांवरून (खोडात दरवर्षी पडणाऱ्या वर्तुळांवरून) ते आधीच खंगलेले होते की भर जोमात असताना भुंगेऱ्यांच्या झुंडीला बळी पडले, हे खात्रीने सांगता येते का? अरुंद वलये दाटीमुळेही पडतात, मग दाटी आणि दुष्काळ वेगळे कसे करावेत? जवळच्या जिवंत झाडांचे नमुने तुलनेला घ्यावे लागत असतील, तर ती झाडे कोणत्या निकषांवर निवडावीत?

सुया लाल पडेपर्यंत भुंगेरे बहुधा पुढच्या झाडावर गेलेले असतात, त्यामुळे लाल झाडे तोडून प्रसार थांबत नाही. ज्यांनी प्रत्यक्ष जंगलात अशी पाहणी केली आहे, त्यांनी आपली पद्धत सविस्तर लिहिल्यास मी मनापासून आभारी राहीन.