पहिली स्वतंत्र रॅप टूर: शब्द शेवटच्या रांगेपर्यंत कसा पोचवायचा?

दुसऱ्याच्या शोआधी वीस मिनिटं गाणं वेगळं आणि पोस्टरवर आपलंच नाव असताना तासभर मंच सांभाळणं वेगळं. मराठीत रॅप करणारी बरीच पोरं आता पहिल्या टूरच्या तयारीला लागलीत. मुंबई, नाशिक, पुणे, नागपूर, आणि दीडशे ते तीनशे माणसांच्या जागा. ज्यांनी हे काम जवळून हाताळलंय त्यांनी इथे नेमकं लिहावं: काय करायचं, किती, कुठे फसतं आणि का. किस्से नकोत, कृती हवी. खाली पाच जणांची उत्तरं.

साउंड सांभाळणारा

सुरुवात माईक धरण्यापासून. एसएम५८ सारख्या माईकमध्ये जाळीच्या आत, कॅप्सूलच्या (आवाज पकडणाऱ्या भागाच्या) मागच्या अंगाला खाचा असतात. मागून येणारा आवाज त्या खाचांमुळेच रद्द होतो आणि माईक फक्त समोरचं ऐकतो. जाळी मुठीत घेतली की खाचा बंद. मग माईक चहूबाजूंनी ऐकायला लागतो, समोरचा मॉनिटर (कलाकाराकडे तोंड केलेला स्पीकर) त्यात शिरतो आणि शिट्टी सुरू होते. शिवाय आवाज डब्यातून आल्यासारखा येतो. मूठ जाळीच्या खाली, दांड्यावर ठेवा. ही सवय सुटेपर्यंत तालमीत टोकत राहा, कारण ही चूक नंतर मिक्सरवर दुरुस्त होत नाही.

दुसरं, बीटच्या ट्रॅकमध्ये कडव्याचा मूळ आवाज अजिबात ठेवू नका. टीव्ही ट्रॅक करून घ्या: बीट, हूक (परत परत येणारी ओळ), डबल्स (त्याच ओळीवर चढवलेला दुसरा आवाज) आणि अ‍ॅडलिब (मधले उद्गार), पण मुख्य आवाज नाही. जमलं तर बीट डाव्या-उजव्या चॅनलच्या एका जोडीवर आणि डबल्स वेगळ्या चॅनलवर द्या, म्हणजे जागेप्रमाणे डबल्स खाली घेता येतात. आवाजाला १०० ते १२० हर्ट्झच्या खाली कट, ३०० ते ५०० मध्ये घुमत असेल तर थोडं कमी. २ ते ४ किलोहर्ट्झच्या पट्ट्यात बीटच दोन-तीन डेसिबलने खाली ओढा. च, ट, ठ, क ही व्यंजनं त्याच पट्ट्यात ऐकू येतात आणि मराठी ओळ त्यांच्यावरच उभी असते. रिव्हर्ब (घुमारा) जवळपास शून्य. डिले (प्रतिध्वनी) फक्त ओळीच्या शेवटच्या शब्दावर.

८०८ चा (ड्रम मशिनचा खोल) बेस ३५ हर्ट्झवर ठेवलेला असेल तर छोट्या जागेच्या सबमधून (बेसच्या स्पीकरमधून) तो धड निघत नाही, नुसती भिंत थरथरते. त्याला सॅच्युरेशन (आवाजाला थोडा खरखरीतपणा) देऊन वरचे हार्मोनिक्स (मूळ सुरावरचे बारीक सूर) आणा.

डीजे

पेनड्राइव्ह दोन, दोन्ही एकसारखे, दोन्ही एफएटी३२ मध्ये फॉरमॅट केलेले. बऱ्याच जागी अजून जुने सीडीजे (डीजेची गाणी लावायची मशिनं) आहेत आणि ते एक्सफॅट वाचत नाहीत. गाणी १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ वेव्हमध्ये काढा. स्टुडिओतून थेट आणलेली ३२ बिट फ्लोट फाइल लावली तर स्क्रीनवर ‘ई-८३०५’ येतं आणि गाणं सुरू होत नाही. त्या वेळी मंचावर करण्यासारखं काही उरत नाही, म्हणून प्रत्येक गाणं साउंडचेकला त्याच मशिनवर लावून बघा.

लॅपटॉपवरून वाजवत असाल तर हेडफोनच्या भोकातून आवाज काढू नका, चार्जर लावला की गूं गूं येते. ऑडिओ इंटरफेस (बाहेरचं साउंड कार्ड) आणि डीआय बॉक्स (आवाज गुणगुण न येता मिक्सरला देणारा डबा) लागतोच. वायफाय बंद, स्लीप बंद.

फेडआउटवर संपणारी गाणी पुन्हा बसवा. मंचावर हळूहळू विरणारं गाणं म्हणजे टाळ्या कधी वाजवायच्या ते कुणालाच कळत नाही. ठाम शेवट हवा. आणि ज्या ओळी लोकांना पाठ आहेत तिथे बीट चार मात्रा पूर्ण तोडा.

आवाज आणि तालीम बघणारी

स्टुडिओत कडवं तुकड्या-तुकड्यांनी रेकॉर्ड होतं, त्यामुळे श्वास कुठे घ्यायचा हे लिहिताना ठरवलेलंच नसतं. सगळ्या ओळी मोठ्या अक्षरात छापा, श्वासाच्या जागी तिरकी रेघ मारा. जिथे रेघेला जागाच नाही तिथे शेवटचे दोन शब्द हाइपमॅनला (मंचावर साथ देणाऱ्या दुसऱ्या रॅपरला) द्या आणि त्याच्या कागदावर ते गोल करा. ‘अंदाजाने घे’ म्हटलं की दोघं एकदम बोलतात किंवा दोघंही गप्प राहतात.

हिशेब साधा आहे. १६ गाणी सरासरी तीन मिनिटांची म्हणजे ४८, बोलणं ८, फ्रीस्टाइल ५. झाला तास. सलग तीनपेक्षा जास्त वेगवान गाणी लावू नका. पूर्ण सेट न थांबता, उभ्याने, चालत, किमान आठ वेळा करा, त्यातले दोन खऱ्या आवाजाच्या पातळीवर. बसून केलेली तालीम धरूच नका.

शोनंतर गाडीत मोठ्याने गप्पा बंद. कुजबुजही नको, तिनेही घशावर ताण येतो. सलग दोन शो, मग एक दिवस सुट्टी.

लाइट

थोडक्यात सांगते. रंगीत मागचे दिवे कितीही असोत, चेहऱ्यावर समोरून पांढरा उबदार उजेड हवाच. ओठ दिसले की निम्मा शब्द कळतो. टोपी असेल तर दिवा खालच्या कोनातून, नाहीतर डोळे आणि तोंड सावलीत जातात.

टूर मॅनेजर

वर बीटबद्दल लिहिलंय ते सगळं बरोबर, पण जागाच चुकली तर उपयोग नाही. मराठी रॅपचा बराच श्रोता विशीच्या आतला, आणि बार असलेल्या बहुतेक ठिकाणी २१ वर्षांखालच्यांना आत घेत नाहीत. तिकीट विकण्याआधी वयाची अट लेखी घ्या. पर्याय म्हणजे नाट्यगृह. तिथली साउंड यंत्रणा संवादासाठी बसवलेली असते, त्यामुळे १८ इंची दोन ते चार सब भाड्याने आणा, आणि खुर्च्या हलत नाहीत हे गृहीत धरूनच शो बसवा.

गच्ची किंवा मोकळी जागा असेल तर ध्वनिप्रदूषण नियम, २००० नुसार रात्री १० ला स्पीकर बंद. म्हणून दार ६:३०, पहिला कलाकार ७:१५, मुख्य सेट ८:३०. गाणी स्वतःची असली तरी आधीचा डीजे दुसऱ्यांची रेकॉर्ड लावतो. त्याचा परवाना कोण काढणार, हे करारात लिहून घ्या.

५०० रुपयांपर्यंतच्या तिकिटावर जीएसटी नाही, त्यापुढे १८ टक्के. म्हणून पहिल्या टूरला ४९९ ठेवा. २०० तिकिटं म्हणजे ९९,८००. यातून तिकीट कंपनीचं कमिशन, जागेचा हिस्सा, साउंड, प्रवास वजा करून पाच माणसांचे पैसे उरतात का, ते शहरागणिक वेगळं मांडा.

मार्ग आखताना नकाशा समोर ठेवा. मुंबई-नागपूर-पुणे अशा उड्या मारू नका. समृद्धी महामार्ग ७०१ किलोमीटर पूर्ण सुरू झालाय, त्यामुळे नाशिक, छत्रपती संभाजीनगर, अमरावती, नागपूर ही एक सलग ओळ बसते. अमरावती वगळू नका. रॅपर १००आरबीएच त्याच शहरातला, तिथे रॅप ऐकणारा कान तयार आहे.

टी-शर्ट १०० छापणार असाल तर एस १०, एम ३०, एल ३५, एक्सएल २०, डबल एक्सएल ५. टेबल दारापाशी लावा, बंद हॉलच्या आत नेटवर्क जातं आणि यूपीआय अडकतं. सुटे म्हणून शंभराच्या वीस नोटा जवळ असू द्या. आणि शो संपल्यावर निघण्याआधी दारावर स्कॅन झालेली तिकिटं आणि विकलेली तिकिटं, हे दोन्ही आकडे जागेच्या माणसासमोर एकाच कागदावर लिहून दोघांच्या सह्या घ्या. दुसऱ्या दिवशी फोनवर तो हिशेब जुळत नाही.